अचलेचे माप

अमरकोशात पृथ्वीची जी नावे दिली आहेत त्यांत ‘अचला’ आणि ‘स्थिरा’ ही दोन नावे अगदी आरंभीच येतात. पृथ्वी हलते ही गोष्ट कोशकाराला ठाऊक नसेल असे म्हणवत नाही. हिमालयाच्या पायथ्याशी ज्या देशाची संस्कृती वाढली त्या देशात भूकंप हा काही अपरिचित पाहुणा नव्हे. तरीही पूर्वजांनी तिला अचलाच म्हटले. आमच्या वकिली बुद्धीला हे नाव कायद्यातील एखाद्या गृहीतासारखे वाटते. विरुद्ध पुरावा पुढे येईपर्यंत काही गोष्टी खऱ्या मानून चालावयाचे असा न्यायालयाचा शिरस्ता आहे. नाही तर कोणताही व्यवहार उभाच राहणार नाही. पृथ्वी अचल आहे हे असेच एक गृहीत होय. त्याच्याच आधारावर आपण पाया खणतो, भिंत रचतो, कळस चढवितो, आणि या सर्वांस मिळून ‘स्थावर’ असे नाव देऊन दुय्यम निबंधकाच्या कचेरीत त्याची नोंद करतो. भूकंप म्हणजे त्या गृहीताविरुद्ध पृथ्वीने स्वतः येऊन दिलेली साक्ष. ती साक्ष काही क्षणांची असते, परंतु तेवढ्यात स्थावराचे जंगम होऊन जाते.

ही साक्ष मोजावी कशी, हा प्रश्न आजचा नाही. सहाव्या शतकातील वराहमिहिराने बृहत्संहितेत भूकंपावर एक स्वतंत्र अध्यायच लिहिला आहे. भूकंप का होतो याविषयी निरनिराळ्या आचार्यांची निरनिराळी मते त्याने प्रथम नोंदविली आहेत. कोणी पाण्यातील महाकाय प्राण्यांचे कारण सांगतो, कोणी भार वाहून थकलेल्या दिग्गजांचे, कोणी वायूंच्या संघर्षाचे. पुढे त्याने कंपांचे वायव्य, आग्नेय, ऐंद्र आणि वारुण असे चार वर्ग पाडले आहेत, आणि कोणता कंप किती योजनांपर्यंत पोहोचतो तेही सांगितले आहे. वायव्य २००, वारुण १८०, ऐंद्र १६० आणि आग्नेय ११० योजने. या आकड्यांचा आजच्या विज्ञानाशी मेळ घालण्याचा अट्टाहास आम्ही करणार नाही. तसे करणे वराहमिहिराचा गौरवही नव्हे. आम्हांस महत्त्वाची वाटते ती त्यामागची वृत्ती. ज्या घटनेपुढे माणूस केवळ हात जोडू शकतो त्या घटनेलाही माप लावून पाहावे, असे त्या पंडिताला वाटले. हात जोडणे आणि माप लावणे यांत त्याला विरोध दिसला नाही.

हे सारे आम्ही पुन्हा वाचावयास घेतले ते एका करारनाम्यामुळे. आमच्या ग्रामदेवतेच्या देवळाचा सभामंडप जुना झाला आहे. चिऱ्याच्या भिंती, लाकडी खांब आणि कौलारू छप्पर काढून तेथे सिमेंट-काँक्रीटचा प्रशस्त मंडप उभारावा, त्याच्यावर एक मजला घेऊन उत्सवाला येणाऱ्या कुळाव्यांच्या राहण्याची सोय करावी, असे महाजनांच्या सभेत ठरले. कराराचा मसुदा तपासण्याचे काम आमच्याकडे आले. त्यात नेहमीच्या कलमांमध्ये एक कलम होते: भूकंप, वादळ, वीज, पूर इत्यादी दैवी आपत्तींमुळे बांधकामास हानी पोहोचल्यास कंत्राटदार जबाबदार राहणार नाही. असे कलम शेकडो करारांत असते आणि वाचल्यासारखे करून पुढे जाण्याची सर्वांना सवय असते. आम्ही मात्र तेथे थांबलो आणि सभेला विचारले की, भूकंप म्हणजे केवढा भूकंप?

सभेत क्षणभर शांतता पसरली. मग समितीतील एक तरुण, जे बँकेत नोकरीला आहेत, म्हणाले, “वकीलसाहेब, त्यात अवघड ते काय? सहा रिश्टरच्या वर झाला तर दैवी आपत्ती, खाली झाला तर कंत्राटदाराची जबाबदारी, असे लिहून टाका.” सूचना व्यवहारी होती, आणि वर्तमानपत्र वाचणाऱ्या कोणालाही पटेल अशीच होती. तिच्यातील दोष समजण्यासाठी शास्त्रज्ञ भूकंप कसा मोजतात हे पाहावे लागते.

कायद्याच्या मसुद्यात प्रथम व्याख्याखंड असतो, तसा येथेही करणे इष्ट आहे. भूकंपाविषयी दोन अगदी वेगळे प्रश्न विचारता येतात. पहिला, भूगर्भात जी घटना घडली ती केवढी मोठी होती? दुसरा, अमुक एका गावी, अमुक एका अंगणात, जमीन किती जोराने हलली? पहिल्या प्रश्नाच्या उत्तरास आपण येथे ‘परिमाण’ म्हणू, दुसऱ्याच्या उत्तरास ‘तीव्रता’ म्हणू. वर्तमानपत्रे पुष्कळदा दोहोंसाठी ‘तीव्रता’ हा एकच शब्द वापरतात, आणि सगळ्या घोटाळ्याचा उगम तेथे आहे. जत्रेच्या रात्री दीपस्तंभावर जळणारे तेल एकच असते. परंतु त्याचा उजेड पायथ्याशी बसलेल्या माणसाला वेगळा, तळीच्या पायरीवर वेगळा आणि डोंगरापलीकडील वाड्यावर वेगळा. तेल म्हणजे परिमाण, उजेड म्हणजे तीव्रता. एका भूकंपाचे परिमाण एकच असते. तीव्रता गावागणिक, किंबहुना आळीगणिक बदलते.

दोहोंपैकी तीव्रतेचे माप जुने आहे, कारण त्याला यंत्र लागत नाही, साक्षीदार लागतो. एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात इटलीतील रॉसी आणि स्वित्झर्लंडमधील फोरेल या दोघा शास्त्रज्ञांनी दहा पायऱ्यांची एक मापनपद्धती तयार केली. पुढे मेर्काली नावाच्या इटालियन धर्मगुरूने १९०२ साली तिच्यात सुधारणा केली, आणि १९३१ साली अमेरिकेत तिला जे बारा पायऱ्यांचे सुधारलेले रूप मिळाले ते आजही प्रचारात आहे. तिची पहिली पायरी म्हणजे जो कंप कोणास जाणवलाच नाही तो. दुसरीवर माडीवर स्वस्थ बसलेल्या एखाद्याला तो जाणवतो. चौथीवर फडताळातील भांडी किणकिणतात, दारे-खिडक्या खडखडतात. पाचवीवर झोपलेली माणसे जागी होतात, लंबकाची घड्याळे बंद पडू शकतात. आठवीवर सामान्य बांधणीच्या घरांची मोठी हानी होते, खांब आणि स्तंभ कोसळतात. बारावीवर वस्तू हवेत उडतात. तेथे साक्ष देण्यास फारसे कोणी उरत नाही. ही पायऱ्यांची यादी वाचताना आम्हांस एखादा कसलेला न्यायाधीश साक्षीदाराला प्रश्न विचारीत असल्यासारखे वाटते. तुम्ही घाबरला काय, हे तो विचारीत नाही. दिवा हालला काय, किती हालला, भिंतीला भेग पडली काय, हे विचारतो. रॉसी-फोरेल यांच्या पायऱ्यांत तर घंटा आपोआप वाजणे हे एक स्पष्ट लक्षण म्हणून नोंदविलेले आहे.

याच संदर्भात त्या सभेतील एका वृद्ध महाजनांची साक्ष येथे देणे योग्य होईल. १९६७ सालच्या डिसेंबरात ते आठ-नऊ वर्षांचे होते आणि उत्सवानिमित्त घरच्यांबरोबर देवळाच्या अग्रशाळेत निजले होते. पहाटे अचानक जाग आली तेव्हा चौकातील लामणदिवे साखळ्यांसह झुलत होते, तेल फरशीवर सांडले होते, आणि कोणीही हात न लावता लहान घंटा किणकिणत होत्या. देवी जागी झाली असे सगळ्यांनी मानले व भटजींनी तत्काळ गाऱ्हाणे घातले. त्यांनी ही हकिकत सांगितली तेव्हा सभेतील काही तरुण हसले. आम्हांस हसू आले नाही, कारण अशी साक्ष शास्त्राच्या दृष्टीने अस्सल आहे. साखळीचा दिवा हलणे, निजलेले जागे होणे, घंटा किणकिणणे: चौथ्या-पाचव्या पायरीची लक्षणे त्या बालकाने अचूक टिपली होती. ती ११ डिसेंबरची पहाट होती आणि कंपाचे उगमस्थान सुमारे दोनशे किलोमीटर दूर, सातारा जिल्ह्यातील कोयनेजवळ होते. तेथे त्याच कंपाने कोयनानगर उद्ध्वस्त झाले होते आणि पावणेदोनशेंच्या आसपास माणसे दगावली होती. भूकंप एकच; येथे तेल सांडले, तेथे संसार सांडले.

साक्षीदार नसतील तेथे वस्तूंनाही बोलते करता येते. १२ जून १८९७ रोजी आसामात प्रचंड भूकंप झाला. शिलाँगमधील दगडी इमारती जमीनदोस्त झाल्या. भारतीय भूवैज्ञानिक सर्वेक्षण खात्यातील रिचर्ड ओल्डहॅम यांनी त्या प्रदेशाची पाहणी करून जो अहवाल लिहिला तो या शास्त्रातील एक मानदंड मानला जातो. छातक येथील एक उंच स्मारकस्तंभ कोसळला नव्हता, परंतु त्याचा वरचा भाग मोडून उरलेला आपल्या पायावर पिळवटल्यासारखा फिरला होता. काही ठिकाणी जमिनीत रुतलेले धोंडे खड्ड्याच्या कडा न मोडता वर फेकले गेले होते. धोंडा असा उडावयाचा तर जमिनीने केवढा धक्का द्यावयास हवा, याचा हिशेब त्यावरून मांडता येतो. परिस्थितिजन्य पुराव्याचे याहून सुंदर उदाहरण आम्हांस विधिग्रंथांतही सापडले नाही.

परंतु साक्षीपुराव्यावर आधारलेल्या या मापाला एक मर्यादा आहे. समुद्राच्या तळाशी किंवा निर्मनुष्य पर्वतात भूकंप झाला तर साक्ष कोणाची घ्यावयाची? आणि घर पडले ते धक्का मोठा म्हणून की भिंत कच्ची म्हणून, हे कसे ठरवावयाचे? त्यासाठी मूळ घटनेचे, म्हणजे तेलाचे, माप घ्यावे लागते. हे काम यंत्राचे.

भूकंपलेखक यंत्राचे तत्त्व आमच्या लामणदिव्यातच आहे. साखळीला टांगलेला जड दिवा आपण हलतो आहे असे म्हणतो. वस्तुतः पहिल्या क्षणी घर हलते आणि दिवा आपल्या जडत्वामुळे जागच्या जागी राहू पाहतो. या स्थिर राहू पाहणाऱ्या वजनाला लेखणी जोडली आणि जमिनीबरोबर हलणाऱ्या कागदावर ती टेकविली की पृथ्वी आपली हालचाल आपल्याच हाताने लिहून देते. जॉन मिल्न या इंग्रज शास्त्रज्ञाने जपानमध्ये राहून अशी यंत्रे सुधारली. भारतात कलकत्त्याच्या अलीपूर वेधशाळेत १८९८ साली भूकंपनोंदीचे काम सुरू झाले आणि लवकरच मुंबईच्या कुलाबा वेधशाळेतही यंत्र बसविण्यात आले. आजच्या यंत्रांत लेखणी व कागद यांची जागा विद्युत्-संकेतांनी घेतली आहे, तत्त्व मात्र तेच आहे.

त्या नोंदीत दोन मुख्य लाटा ओळखता येतात. पहिली लाट खडकाला दाबीत व सैल करीत पुढे धावते. दुसरी खडकाला आडवी हालवीत मागून येते आणि बहुधा अधिक जोराची असते. यंत्राच्या नोंदींवर या लाटा वेगवेगळ्या ओळखून दाखविण्याचे श्रेयही ओल्डहॅम यांचेच. आकाशात वीज चमकली आणि गडगडाट मागाहून ऐकू आला की मधल्या वेळावरून वीज किती दूर आहे याचा अंदाज आपण करतो; तसेच येथे. दोन लाटांतील सेकंदांना साधारण आठाने गुणले की किलोमीटर मिळतात. पंचवीस सेकंदांचे अंतर पडले तर उगम सुमारे दोनशे किलोमीटरवर. एका यंत्राला अंतर कळते, दिशा नीट कळत नाही. म्हणून निदान तीन ठिकाणच्या नोंदी घेऊन नकाशावर तीन वर्तुळे काढतात आणि ती जेथे एकमेकांना छेदतात तेथे उगम मानतात. तीन स्वतंत्र साक्षी एका बिंदूवर मिळाल्या की निर्णय पक्का.

अंतर कळल्यावर आकाराचा प्रश्न राहतो. त्याचे उत्तर १९३५ साली कॅलिफोर्नियातील चार्ल्स रिश्टर यांनी दिले. बेनो गुटेनबर्ग या ज्येष्ठ सहकाऱ्याचा त्यात मोठा वाटा होता. ठरावीक प्रकारच्या यंत्रावर, उगमापासून शंभर किलोमीटर अंतरावर, लेखणी एक मिलिमीटर हालली तर त्या भूकंपाचे परिमाण तीन मानावे, असा नियम त्यांनी घातला. दहा मिलिमीटर हालली तर चार, शंभर हालली तर पाच. यंत्र शंभर किलोमीटरवर नसले तरी अंतराचा हिशेब करून आकडा दुरुस्त करता येतो. म्हणजे ‘रिश्टर स्केल’ ही कोठे टांगून ठेवलेली पट्टी नव्हे. तो एक हिशेब आहे. ती दहापाशी संपते ही समजूतही चुकीची. तिला वरचा टोकाचा आकडा ठरवून दिलेला नाही, आणि फार लहान कंपांचे आकडे तर शून्याच्याही खाली जातात. मुख्य ध्यानात ठेवावयाचे ते हे की, या मापाची प्रत्येक पायरी आधीच्या पायरीच्या दसपट हालचालीची आहे, आणि बाहेर पडणारी ऊर्जा तर प्रत्येक पायरीला सुमारे बत्तीस पटींनी वाढते. दोन पायऱ्या चढल्या की ऊर्जा हजारपट. पाच आणि सात यांतील अंतर बाजारातील पाच रुपये आणि सात रुपये यांतले नव्हे.

रिश्टर यांचा हिशेब कॅलिफोर्नियातील मध्यम भूकंपांसाठी होता. फार मोठ्या भूकंपांत तो अपुरा पडतो. लहान तराजूत मोठे पोते घातले की काटा जसा टोकाला जाऊन टेकतो तसे होते. २२ मे १९६० रोजी चिली देशात जो भूकंप झाला तो जुन्या पद्धतींनी साडेआठच्या आसपास मोजला जात होता. पुढे जपानचे केइती आकी आणि हिरू कानामोरी यांच्यासारख्या शास्त्रज्ञांनी वेगळाच मार्ग धरला. भूकंप म्हणजे खडकातील एका भेगेच्या दोन्ही बाजू एकमेकींवरून सरकणे. मग ती भेग किती लांब-रुंद फाटली, दोन्ही बाजू किती सरकल्या, आणि खडक किती कणखर होता, या तीन गोष्टींचा गुणाकार करावा म्हणजे घटनेचा खरा आकार मिळेल. १९७९ साली टॉमस हँक्स आणि कानामोरी यांनी या गुणाकाराला जुन्या आकड्यांशी जुळेल असे रूप दिले. या नव्या मापाने चिलीचा तो भूकंप ९.५ ठरला, आणि यंत्रांनी नोंदलेल्या भूकंपांत तो सर्वांत मोठा आहे. मोठ्या भूकंपांचे जे आकडे आज शास्त्रज्ञ देतात ते बहुतेक याच मापाचे असतात. रिश्टर यांचे नाव त्यांना सवयीने चिकटून राहिले आहे. बातमीतील पहिला आकडा काही तासांनी बदलतो तेव्हा कित्येकांना संशय येतो. तो अनाठायी आहे. पहिला आकडा पोलीस ठाण्यातील प्राथमिक खबरीसारखा असतो. जसजशा दूरच्या नोंदी हाती येतात तसतसा तो सुधारत जातो.

आता दोन्ही मापे जवळजवळ ठेवून पाहू. २०१० सालच्या जानेवारीत हैतीमध्ये ७.० परिमाणाचा भूकंप झाला, आणि फेब्रुवारीत चिलीमध्ये ८.८ परिमाणाचा. ऊर्जेच्या हिशेबाने चिलीचा भूकंप सुमारे पाचशेपट मोठा. चिलीत सव्वापाचशेच्या आसपास माणसे दगावली. हैतीत लाखाहून अधिक. हैतीत दाट वस्तीची राजधानी उगमाच्या अगदी जवळ होती, हे खरे. परंतु चिलीने १९६० पासूनच्या अनुभवाने बांधकामाचे नियम केले होते आणि पाळले होते, हैतीत बहुतेक घरे कोणत्याही नियमाविना उभी होती.

दूर कशाला जावयाचे? ३० सप्टेंबर १९९३ ची पहाट आमच्या पिढीतील कोणीही मराठी माणूस विसरणार नाही. गणेशविसर्जन आटोपून दमलेली गावे निजली होती. तीन वाजून छप्पन मिनिटांनी लातूर आणि तेव्हाच्या उस्मानाबाद जिल्ह्यांच्या सीमेवर किल्लारीजवळ धरणी हलली. परिमाण ६.२. जगात दर वर्षी या आकाराचे कित्येक भूकंप होतात आणि बहुतेकांची बातमीही होत नाही. किल्लारीच्या परिसरात जवळजवळ दहा हजार माणसे मेली. उगम उथळ होता, वेळ झोपेची होती. परंतु माणसे मेली ती मुख्यतः आपल्याच घरांखाली. मातीत रचलेल्या ओबडधोबड दगडांच्या जाड भिंती आणि त्यांवर माळवदाचा जड थर: उन्हाळ्यात थंडावा देणारे, पिढ्यान्पिढ्यांनी मायेने लिंपलेले ते घर एका क्षणात ढिगारा झाले. त्याच गावांतील कुडाच्या हलक्या झोपड्यांतील लोक पुष्कळ ठिकाणी वाचले. गरिबाची झोपडी राहिली आणि वाडा पडला. त्या वेळच्या सरकारी नकाशावर हा प्रदेश सर्वांत कमी धोक्याच्या पट्ट्यात होता. २००२ सालच्या नकाशात त्याला वरच्या पट्ट्यात घालण्यात आले. आणि २६ जानेवारी २००१ रोजी कच्छमध्ये ७.७ परिमाणाचा भूकंप झाला तेव्हा दोनशेहून अधिक किलोमीटर दूर असलेल्या अहमदाबादेत कित्येक बहुमजली इमारती कोसळल्या, तर त्यांच्या शेजारच्या उभ्या राहिल्या. खाली साबरमतीच्या गाळाची माती, तळमजल्यावर भिंतीविना नुसते खांब, आणि वर चार मजल्यांचा भार. उगम तोच, अंतर तेच, शेजारीही तोच; निकाल मात्र वेगळा.

आम्हांस या दोन मापांत सर्वांत मोलाची वाटते ती हीच गोष्ट. परिमाण सांगते पृथ्वीने काय केले. तीव्रतेची नोंद सांगते आपल्या अंगणात काय झाले. या दोहोंमध्ये जे अंतर पडते त्यात थोडा वाटा उगमाच्या खोलीचा, थोडा मातीचा, थोडा घड्याळातील वेळेचा. आणि उरलेला वाटा माणसाचा असतो. दैव कोठे संपते आणि आपले कर्तव्य कोठे सुरू होते, याची सीमा दाखविणारा असा दगड निसर्गात क्वचितच रोवलेला आढळतो. कायद्यातही ‘दैवी आपत्ती’ या शब्दाचा अर्थ केवळ निसर्गाने घडविलेली घटना एवढाच नाही. वाजवी दूरदृष्टी आणि वाजवी काळजी घेऊनही जी टळली नसती, तीच दैवी आपत्ती. काळजीच घेतली नसेल तर देवाचे नाव पुढे करता येत नाही.

आता त्या तरुण सभासदांची सूचना पाहा. ‘सहा रिश्टर’ ही सीमा करारात घातली असती, तर पाचशे किलोमीटरवरच्या साडेसहाच्या भूकंपाने, ज्यात आमच्या गावातील दिवाही नीट हलला नसता, कंत्राटदार मोकळा झाला असता. आणि गावाखालीच उद्भवलेल्या साडेपाचच्या धक्क्यात त्याला जबाबदार धरता आले असते खरे, परंतु तो धक्का तेथे किती जोराचा होता याचा त्या आकड्यातून काहीच बोध झाला नसता. करारात माप हवे ते आमच्या अंगणातील कंपाचे. इंजिनियर हे माप गुरुत्वाकर्षणाच्या भाषेत मांडतात. १९६७ साली कोयनेच्या धरणातील यंत्राने जमिनीच्या आडव्या धक्क्याची जी नोंद केली ती गुरुत्वाकर्षणाच्या सुमारे ०.६ पट होती. धरणाला तडे गेले, धरण उभे राहिले. कोणत्या प्रदेशात इमारतीने किती कंप सोसण्याची तयारी ठेवावी, हे सांगणारे भारतीय मानक १९६२ सालापासून आहे. आय. एस. १८९३ हा त्याचा क्रमांक. कोयनेनंतर आणि किल्लारीनंतर त्यात सुधारणा होत गेल्या. म्हणून आम्ही कलम असे लिहिले की, या मानकाने आमच्या जागेसाठी जेवढा कंप गृहीत धरावयास सांगितला आहे तेवढा सोसण्याजोगे बांधकाम करणे ही कंत्राटदाराची जबाबदारी राहील; आराखड्यास आणि प्रत्यक्ष कामास स्वतंत्र तज्ज्ञाचा दाखला लागेल; त्यापलीकडचा कंप तेवढा दैवी.

कंत्राटदाराने अर्थातच खर्च वाढेल असे सांगितले. लोखंड वाढणार होते, खांब जाड होणार होते, आणि तळमजला भिंतींविना मोकळा सोडून वर मजला चढविण्याचा बेत बदलावा लागणार होता. सभेत नाराजी पसरली. देवळासाठी मागून आणलेला पैसा, तो डोळ्यांना न दिसणाऱ्या लोखंडात का घालावा, असा एक प्रश्न आला. तेव्हा ज्यांनी लामणदिव्यांची हकिकत सांगितली होती ते वृद्ध महाजन आमच्याकडे वळून म्हणाले, “वकीलबाब, देवाचें देवूळ देव राखता, तुमचे कागद न्हय.”

आम्ही त्यांना वंदन करून एवढेच म्हटले, “काका, देवळाची काळजी देवाने घ्यावी हे खरे. पण जत्रेच्या रात्री त्या मंडपाखाली निजणाऱ्या पाचशे माणसांची काळजी त्याने आपल्यावर सोपविली आहे. किल्लारीतही आदल्या रात्री गणपतीपुढे आरत्या झाल्याच होत्या.”

ते बराच वेळ काही बोलले नाहीत. मग त्यांनी समितीला विचारले की, या वर्षीच्या जत्रेच्या रोषणाईचा आणि दारूकामाचा खर्च किती धरला आहे? आकडा सांगितला गेला. त्यांनी तो निम्मा करावयास सांगितले आणि उरलेली रक्कम लोखंडाकडे वळवावी असा ठराव स्वतःच मांडला. ठराव मंजूर झाला. एकमताने नव्हे, परंतु झाला. मंडपाचे काम आज चालू आहे. वरचा मजला रद्द झाला आहे, आणि कुळाव्यांची राहण्याची सोय जुनीच अग्रशाळा दुरुस्त करून होणार आहे.

भूकंप केव्हा होईल हे दोन्हींपैकी कोणतेही माप आधी सांगत नाही. दिवस, घटका सांगणारे शास्त्र अजून जन्मास यावयाचे आहे, आणि तसे सांगणाऱ्यांवर विश्वास ठेवू नये. मापे सांगतात ती झालेल्या गोष्टी. परंतु झालेल्या शेकडो गोष्टी नीट नोंदविल्या गेल्या म्हणूनच कोठे किती तयारी ठेवावी हे आज सांगता येते. शिलाँगचे पडके दगड, छातकचा पिळवटलेला स्तंभ, किल्लारीचे ढिगारे आणि आमच्या चौकातील त्या किणकिणलेल्या घंटा, या सर्वांची साक्ष मिळून ते मानक लिहिले जाते. मृतांची साक्ष तर सर्वांत महाग. ती नोंदवूनही तिच्याप्रमाणे न वागणे हा मोठा कृतघ्नपणा होय.

आपल्यापैकी पुष्कळ घरांत अजूनही सकाळी अंथरुणावरून उठताना, जमिनीला पाय लावण्यापूर्वी, पृथ्वीची क्षमा मागण्याचा प्रघात आहे. तिला पायांचा स्पर्श होतो, एवढ्याचीही क्षमा. हा प्रघात आम्हांस अत्यंत सुंदर वाटतो. पृथ्वीचे ‘सर्वंसहा’ हेही नाव अमरकोशात आहेच. ती आपले पाय सोसते, भिंती सोसते, कळस सोसते. प्रश्न राहतो तो तिचा हालचालीचा एखादा क्षण आपल्या भिंतींना सोसवेल काय, एवढाच. त्याचे उत्तर पृथ्वीजवळ नाही. ते गवंड्याच्या ओळंब्यात, इंजिनियरच्या हिशेबात आणि देवस्थान समितीच्या ठरावात आहे.